लाल चौकोन आणि मामा

लातूरचा भाचा दिवाळीला नांदेडला आला. डॉक्टरकीची प्रवेशपरीक्षा दोनदा हुकलेली. दोन दिवस कोणाशी बोलला नाही. तिसऱ्या दिवशी संगणकावर एक लाल चौकोन सरकवताना दिसला. खेळाचे नावच मुळी 'जगातला सर्वांत अवघड खेळ'! पातळ्या ३०. (मूळचा फ्लॅशवरचा. फ्लॅश २०२० अखेर संपले, खेळ मात्र तगला.) निळे गोळे चुकवीत हिरव्या घरात पोचायचे. शिवलात की मेलात. वर मृत्यूंची बेरीज चालूच.

मी बसलो. वाचकहो, हसू नका, दुसऱ्याच पातळीत ४१ वेळा मेलो!

"मामा, घाबरता कशाला? त्यांची चाल ठरलेली असते," तो खेकसला.

मग वृत्त म्हणावे तसा ताल धरला, यतीवर थांबलो आणि पार झालो.

"सरका आता," भाचा म्हणाला. रात्री अकराला त्याने स्वतःहून चिवडा मागितला.