फवारणी ड्रोनचे पंखे : आयातीचा कल आणि जव्हार-मोखाड्यातील शेतकरी

पीक संरक्षणात औषधाइतकेच वेळेला महत्त्व असते. भातावर तुडतुडे वाढले किंवा आंब्याच्या मोहोरावर भुरी दिसू लागली की फवारणीसाठी हाती मोजके दिवस असतात. हे काम थोड्या वेळात व्हावे म्हणून फवारणीच्या ड्रोनचा वापर आता वाढत आहे. पालघर जिल्ह्यातही अनेक बचत गट आणि शेतकरी गट ड्रोन घेण्याचा विचार करीत आहेत. परंतु ड्रोन घेताना टाकी किती लिटरची आणि अनुदान किती, एवढीच चौकशी केली जाते. ऐन हंगामात एखादा पंखा तुटला तर नवा कोठून येणार, किती दिवसांत येणार आणि केवढ्याला पडणार, हा प्रश्न सहसा विचारला जात नाही. त्याचे उत्तर बऱ्याच अंशी परदेशातून होणाऱ्या आयातीशी निगडित आहे. म्हणून या विषयाची माहिती शेतकरी बंधू-भगिनींनी करून घेणे आवश्यक आहे.

पंख्याचे काम

विमानाचा प्रोपेलर, हेलिकॉप्टरचा रोटर आणि ड्रोनचा पंखा यांचे तत्त्व एकच आहे. तिरप्या बसविलेल्या पात्यांनी हवा एका बाजूस ढकलायची आणि त्या जोरावर यंत्र दुसऱ्या बाजूस सरकवायचे. विमानात हा जोर पुढे नेण्यासाठी वापरतात, तर हेलिकॉप्टर व ड्रोनमध्ये मुख्यतः वर उचलण्यासाठी.

दहा लिटर टाकीचा फवारणी ड्रोन भरलेल्या टाकीसह साधारण २५ किलोच्या आत असतो. सहा पंख्यांच्या ड्रोनमध्ये प्रत्येक पंख्यावर सुमारे चार किलो भार येतो. सहांपैकी तीन पंखे घड्याळाच्या काट्याच्या दिशेने व तीन उलट दिशेने फिरतात. त्यामुळे ड्रोन स्वतःभोवती गरगरत नाही. पंख्याचा व्यास सुमारे ६० ते ७५ सें.मी. असून तो मिनिटाला तीन हजारांच्या आसपास फेरे घेतो. म्हणजे पात्याचे टोक सेकंदाला सुमारे १०० मीटर वेगाने फिरते.

या वेगामुळेच लहान इजाही मोठी ठरते. समजा, पात्याच्या टोकाचा फक्त एक ग्रॅमचा टवका उडाला. तीन हजार फेऱ्यांवर मध्यापासून ३० सें.मी. अंतरावर एवढ्याशा असमतोलामुळे सुमारे तीन किलो भाराइतकी ओढ निर्माण होते आणि तिचा झटका सेकंदाला ५० वेळा बसतो. त्याने मोटारीचे बेअरिंग खराब होते, सांगाड्याचे नटबोल्ट सैल होतात आणि एखाद्या दिवशी ड्रोन खाचरात कोसळतो. म्हणून ड्रोनचा पंखा ट्रॅक्टरच्या टायरप्रमाणे झिजणारा भाग समजावा आणि वेळेवर बदलावा.

पंख्याच्या वाऱ्याचा दुसराही उपयोग होतो. खाली फेकल्या जाणाऱ्या हवेमुळे पीक हलते आणि औषधाचे बारीक थेंब पानांच्या आतील भागात पोहोचतात. पंखा वाकडा किंवा चुकीच्या मापाचा असेल तर हा झोत बिघडतो आणि फवारणी एकसारखी होत नाही.

आयातीचे आकडे कसे वाचावेत

देशाच्या सीमेवर येणाऱ्या प्रत्येक मालाला कस्टम खात्यात एक क्रमांक असतो. ८८ व्या प्रकरणात विमाने व त्यांचे भाग येतात. पूर्वी प्रोपेलर व रोटर ८८०३ या शीर्षकाखाली नोंदले जात. जागतिक वर्गीकरणात २०२२ मध्ये बदल झाला. मानवरहित विमानांना, म्हणजेच ड्रोनना, ८८०६ हे स्वतंत्र शीर्षक मिळाले आणि सुटे भाग ८८०७ मध्ये गेले. त्यातील ८८०७.१० हा उपविभाग प्रोपेलर, रोटर व त्यांच्या भागांचा आहे.

वर्तमानपत्रात 'प्रोपेलरची आयात वाढली' अशी बातमी आली तर ती आपल्या ड्रोनविषयीच असेल असे समजू नये. याच उपविभागात प्रवासी विमानाचा सहा पात्यांचा प्रोपेलर येतो, हेलिकॉप्टरचे मोठे पातेही येते आणि फवारणी ड्रोनचा पंखाही येतो. पहिल्या दोन्हींच्या किमतीपुढे आपला पंखा नगण्य असतो. एका विमान कंपनीने थोडे प्रोपेलर मागविले तरी वर्षाचा आकडा फुगतो. शिवाय आकडा रुपयांत असेल तर डॉलर महागल्यामुळेही तो वाढलेला दिसतो. उलटपक्षी, ड्रोनची मोटार व बॅटरी विजेच्या सामानाच्या ८५ व्या प्रकरणात नोंदली जाते. त्यामुळे ड्रोनसाठी आपण किती माल बाहेरून आणतो, हे एका आकड्यावरून कळत नाही.

मोठ्या विमानांची स्थितीही थोडक्यात पाहू. हिंदुस्थान एरोनॉटिक्स ही सरकारी कंपनी बेंगळुरू येथे ध्रुव हेलिकॉप्टर बनवते. त्याचे पहिले उड्डाण १९९२ मध्ये झाले. याच कंपनीच्या ओझर येथील कारखान्यात एचटीटी-४० या प्रोपेलरच्या प्रशिक्षण विमानाच्या उत्पादनासाठी ऑक्टोबर २०२५ मध्ये स्वतंत्र व्यवस्था सुरू झाली. मोखाड्याहून त्र्यंबकेश्वरमार्गे नाशिकला जाणाऱ्यांना ओझर काही दूर नाही. मात्र या विमानाचे इंजिन अमेरिकेतील हनीवेल कंपनीचे आहे. यावरून लक्षात येईल की विमान देशात जोडले गेले तरी त्याचे काही महत्त्वाचे भाग बाहेरूनच येतात. ड्रोनच्या बाबतीतही असेच आहे.

२०२१ नंतर झालेले बदल

१) ऑगस्ट २०२१ मध्ये नवे ड्रोन नियम लागू झाले आणि परवानग्या सोप्या झाल्या.

२) सप्टेंबर २०२१ मध्ये ड्रोन व त्याचे भाग देशात बनविणाऱ्यांसाठी १२० कोटी रुपयांची उत्पादनाशी निगडित प्रोत्साहन योजना जाहीर झाली.

३) ९ फेब्रुवारी २०२२ रोजी केंद्र सरकारने पूर्ण तयार तसेच जोडणीसाठी सुट्या स्वरूपात येणाऱ्या ड्रोनच्या आयातीवर बंदी घातली. संशोधन, संरक्षण व सुरक्षा यांसाठी अपवाद ठेवला. सुट्या भागांची आयात मात्र मोकळी राहिली.

४) नोव्हेंबर २०२३ मध्ये महिला बचत गटांसाठी नमो ड्रोन दीदी योजना मंजूर झाली. १,२६१ कोटी रुपयांच्या या योजनेचा कालावधी २०२३-२४ ते २०२५-२६ असा ठरविण्यात आला. त्यात किमतीच्या ८० टक्के, जास्तीत जास्त ८ लाख रुपये साहाय्याची तरतूद होती.

५) २२ सप्टेंबर २०२५ पासून ड्रोनवर सरसकट ५ टक्के वस्तू व सेवा कर लागू झाला.

या बदलांचा एकत्रित अर्थ असा की, परदेशी बनावटीचा तयार ड्रोन बाजारात आणण्याचा मार्ग बंद झाला आणि देशी कंपन्या पुढे आल्या. पण परावलंबन संपले नाही. ते तयार ड्रोनकडून सुट्या भागांकडे सरकले.

कोणता भाग किती परावलंबी

पंखा व सांगाडा : कार्बन तंतू व नायलॉन यांपासून बनणारे हे भाग देशात तयार करता येतात आणि काही उत्पादक ते करीतही आहेत. आयात केलेल्या पंख्याला पर्याय मिळण्याची शक्यता येथे सर्वांत जास्त आहे.

मोटार : तांब्याची तार गुंडाळणे अवघड नाही. अडचण आहे ती आतील शक्तिशाली चुंबकांची. यासाठी लागणाऱ्या दुर्मीळ मृदा धातूंच्या शुद्धीकरणात चीनचा वरचष्मा आहे. ४ एप्रिल २०२५ रोजी चीनने अशा सात धातूंच्या व त्यांच्या चुंबकांच्या निर्यातीवर परवान्याची अट घातली. त्यानंतर आपल्याकडील मोटार उद्योगालाही चुंबकांची टंचाई जाणवली.

बॅटरी व नियंत्रक : बॅटरीचे सेल व नियंत्रकातील इलेक्ट्रॉनिक भाग मोठ्या प्रमाणावर बाहेरून येतात. चीनने १ सप्टेंबर २०२३ पासून ड्रोनच्या काही भागांच्या निर्यातीवरही निर्बंध आणले आहेत.

आपल्या खर्चावर होणारा परिणाम

२०२२ च्या सुरुवातीस डॉलर सुमारे ७५ रुपये होता, २०२४ अखेर तो सुमारे ८५ रुपयांवर गेला. परदेशात १०० डॉलर किमतीची मोटार तिकडे एका पैशानेही महागली नाही, तरी आपल्याला ती साडेसात हजारांऐवजी साडेआठ हजारांना पडते. वाहतूक व कर वेगळे.

पण किमतीपेक्षा मोठा तोटा विलंबाचा असतो. उदाहरणादाखल समजा, गटाचा ड्रोन दिवसाला १५ एकर फवारतो आणि एकरी ४०० रुपये आकारतो. पंख्यांची जोडी ३,००० रुपयांची आहे, पण ती येण्यास पाच दिवस लागले. तर गटाचे ३०,००० रुपयांचे काम बुडाले. याशिवाय त्या ७५ एकरांवरील कीड पाच दिवस थांबत नाही. तेव्हा पंख्यांचा एक जादा संच घरात ठेवणे ही उधळपट्टी नसून विमाच समजावा. नमो ड्रोन दीदी योजनेच्या मार्गदर्शक सूचनांत ड्रोनसोबत सहा पंख्यांचा जादा संच, बॅटरीचे चार जादा संच, एक वर्षाचा विमा व दोन वर्षांचा देखभाल करार यांचा समावेश करण्यात आला, तो याच कारणासाठी.

आपल्या भागात ड्रोन कोठे उपयोगी?

जव्हार व मोखाडा तालुक्यांत सलग सपाट क्षेत्र थोडे आहे. भाताची खाचरे लहान आहेत. वरकस उतारावर नागली व वरई होते. या पिकांवर सहसा फवारणीची गरजच पडत नाही, म्हणून केवळ नागलीसाठी ड्रोनचा विचार करू नये. भातात मात्र एका पट्ट्यातील शेतकऱ्यांनी एकत्र येऊन एकाच दिवशी फवारणी ठरविल्यास काम परवडते.

आंबा-काजूच्या वाड्यांची गोष्ट वेगळी आहे. भातकापणीनंतर येथील अनेक कुटुंबे वीटभट्टी व बांधकामाच्या कामासाठी भिवंडी, वसई, नाशिककडे स्थलांतर करतात. मोहोर संरक्षणाचा काळही नेमका तोच, डिसेंबर ते फेब्रुवारी. माणसे नसल्याने फवारणी राहून जाते आणि वर्षाचे उत्पन्न हातचे जाते. येथे गटाचा ड्रोन उपयोगी पडू शकतो. तथापि उतारावरील उंच-सखल झाडांवर ड्रोन चालविणे कौशल्याचे काम आहे. फांद्यांना पात्याचे टोक लागण्याचा धोकाही वाडीतच जास्त, म्हणून तेथे जादा पंख्यांची गरज अधिक भासते.

मोगऱ्याच्या बाबतीत विशेष दक्षता घ्यावी. कळ्या पहाटे हातांनी खुडल्या जातात आणि हे काम मुख्यतः महिला करतात. फवारणीनंतर औषधाच्या लेबलवरील प्रतीक्षा काळ संपेपर्यंत तोडणी करू नये. शेजारच्या प्लॉटवर ड्रोन फिरणार असेल तर मोगरा उत्पादकांना आदल्या दिवशी कळवावे. खुरासणी फुलोऱ्यात असताना मधमाश्यांचा वावर मोठा असतो, त्या वेळी जवळपास कीटकनाशक फवारू नये. झरे व पिण्याच्या पाण्याच्या विहिरींपासून अंतर राखावे.

ड्रोन घेताना

१) ड्रोनला टाइप सर्टिफिकेट आहे का आणि नोंदणी क्रमांक मिळतो का, हे कागदावर पाहावे. चोरट्या मार्गाने आलेला परदेशी ड्रोन स्वस्त दिसला तरी घेऊ नये. त्याची नोंदणी व विमा होत नाही आणि सुटे भागही खात्रीने मिळत नाहीत.

२) पंखा, मोटार, बॅटरी व नोझल यांचे दर आणि पुरवठ्याचे दिवस विक्रेत्याकडून लेखी घ्यावेत. भाग नाशिक, पालघर किंवा ठाणे यांपैकी कोठे मिळतो, हेही विचारावे.

३) गटातील एका सदस्याने चालकाचे आणि दुसऱ्याने दुरुस्तीचे प्रशिक्षण घ्यावे. प्रमाणपत्राशिवाय ड्रोन चालवू नये.

पंख्यांची निगा

१) प्रत्येक दिवशी उड्डाणापूर्वी बॅटरी काढून पात्यांवरून कापड फिरवावे. धागा अडकला तर तेथे चीर किंवा टवका आहे असे समजावे.

२) टवका उडालेले पाते डिंक किंवा चिकटपट्टी लावून वापरू नये. एक पाते बदलताना त्याच पंख्यावरील समोरचे पातेही बदलावे, म्हणजे वजन सारखे राहते.

३) दोन दिशांचे पंखे वेगळे असतात. त्यांवरील खूण पाहूनच बसवावेत.

४) काम संपल्यावर औषधाचा थर ओल्या कापडाने पुसून काढावा. पंखे उन्हात किंवा चुलीजवळ ठेवू नयेत.

५) वाऱ्याचा वेग ताशी १० किलोमीटरपेक्षा जास्त असल्यास किंवा पावसाची चिन्हे असल्यास उड्डाण करू नये.

६) पंखे पूर्ण थांबेपर्यंत कोणीही, विशेषतः लहान मुलांनी, जवळ जाऊ नये.

परदेशातील निर्बंध किंवा डॉलरचा भाव आपल्या हाती नाही. मात्र कोणता भाग देशात मिळतो हे पाहून ड्रोन निवडणे, जादा पंखे हंगामापूर्वी म्हणजे मे महिन्यातच आणून ठेवणे आणि चार-पाच गटांनी मिळून सुट्या भागांचा साठा करणे, हे आपल्या हाती आहे. ड्रोनने फवारण्यास योग्य औषध, त्याची मात्रा व पाण्याचे प्रमाण यांबाबत कोसबाड हिल येथील कृषि विज्ञान केंद्र, तालुका कृषि अधिकारी किंवा आपले कृषि विद्यापीठ यांच्याशी संपर्क साधून मगच निर्णय घ्यावा.