दुसऱ्यांसाठी कोळसा जाळणारी बोट

ब्रिटिश नौदलाने १८२१ साली ‘मंकी’ नावाची वाफेची बोट विकत घेतली आणि पुढच्याच वर्षी ‘कॉमेट’ बांधली. दोघींकडे लढाईचं काम नव्हतं. वारा पडला किंवा उलटा फिरला की तोफांनी लादलेली शिडाची युद्धनौका बंदराच्या तोंडाशीच अडकायची. तिला दोरखंड बांधून खुल्या समुद्रापर्यंत ओढत न्यायचं, हेच त्यांचं मुख्य काम.

एवढं बळ होतं, तर या बोटी स्वतःच दूर का जात नव्हत्या? याचं उत्तर मुंबईच्या ‘ह्यू लिंडसे’ने दिलं. वाडियांनी मुंबईच्या गोदीत बांधलेली ही ४११ टनांची वाफेची बोट २० मार्च १८३० रोजी सुएझकडे निघाली. तिच्यात कोळसा मावायचा जेमतेम साडेपाच दिवसांचा. एडन गाठायला तर त्याच्या दुप्पट हवा होता. शेवटी प्रवाशांच्या खोल्यांतही कोळसा भरला. एडनला पोचली तेव्हा काही तासांपुरताच उरला होता.

दोष इंजिनाच्या खादाडपणाचा होता. वाफेचा दाब कमी, कोळसा बेसुमार. त्यात बॉयलरला पाणी समुद्राचं! आत मीठ साचू नये म्हणून तापलेलं खारं पाणी मधूनमधून सोडून द्यावं लागे. त्याबरोबर उष्णताही वाया जाई. तरी पापुद्रा धरायचाच. बॉयलर थंड झाला की आत शिरून तो खरवडायचा. उंब्रज-कऱ्हाडकडच्या गुऱ्हाळात चुलवाणाला चिपाडं सारणाऱ्याला उसंत नसते, तशीच भट्टीपुढच्या आगवाल्याला नसे. फरक इतकाच, की याच्या पायाखालची जमीनही हलत असे.

बंदरात मात्र हे सगळे दोष पोटात जात. पल्ला छोटा, कोळशाचा ढीग धक्क्यावर आणि दुरुस्ती हाताशी. नदीतही तसंच. १८२३ साली कलकत्त्याच्या खिदिरपूरला पाण्यात उतरलेली ‘डायना’ पुढच्या वर्षी ब्रह्मदेशाच्या युद्धात गेली आणि इरावतीच्या उलट्या प्रवाहात शिडाची जहाजं ओढू लागली.

पुढे इंजिनं सुधारली, जहाजांची शिडं उतरली. ओढणारी बोट, म्हणजे टग, मात्र राहिली. पाणी मागे लोटणारी तिची दोन बाजूंची चाकं वेगवेगळी फिरवता आली, की ती जागच्या जागी वळे. हा गुण एवढा मोलाचा, की ब्रिटिश नौदलाने १९५७ च्या सुमारासही चाकांच्या नव्या टगबोटी बांधून घेतल्या. त्या डिझेलवर चालत. काम होतं विमानवाहू नौका हलवण्याचं. महासागर ओलांडणाऱ्या जहाजालाही धक्क्याजवळच्या शेवटच्या काही हातांसाठी आजही अनेकदा टगच लागतो.