दाद कोणत्या दारी मागायची?

खातेनिहाय चौकशी संपली, शिक्षेचा आदेश हाती आला, पुढे जायचे कुठे? आजचा लेख त्याबद्दल.

परभणी जिल्ह्यात, सेलू तालुक्यातल्या देवगाव फाट्याचे उदाहरण घेऊ. समजा, इथले तलाठी आणि ग्रामसेवक या दोघांनाही एकाच दिवशी वेतनवाढ रोखल्याचा आदेश मिळाला. गाव एक, शिक्षा एक, पण दारे दोन. तलाठी राज्य सरकारचा कर्मचारी, म्हणून त्याचे दार महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. ग्रामसेवक जिल्हा परिषदेचा कर्मचारी. त्याचे प्रकरण मॅट ऐकत नाही. त्याने आधी खात्याकडे अपील करायचे आणि तिथे न्याय मिळाला नाही तर उच्च न्यायालयात रिट याचिका. आता तलाठ्याला ग्राम महसूल अधिकारी आणि ग्रामसेवकाला ग्रामपंचायत अधिकारी म्हणतात. पदनामे बदलली, दारे तीच राहिली.

फाट्यावर थांबणाऱ्या एसटीच्या चालकाला कामगार किंवा औद्योगिक न्यायालय, केंद्राच्या टपाल खात्यातल्या कर्मचाऱ्याला केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे कॅट, खासगी शाळेतून काढून टाकलेल्या शिक्षकाला शाळा न्यायाधिकरण. म्हणून पहिला प्रश्न हाच: माझा मालक कोण?

दुसरा प्रश्न ठिकाणाचा. मॅटचे काम 1991 साली सुरू झाले. मुख्यपीठ मुंबईला, खंडपीठे नागपूर आणि औरंगाबादला, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरला. परभणी जिल्हा संभाजीनगरच्या अखत्यारीत येतो. आदेशावर मंत्रालयातली सही दिसली की अनेकांना वाटते, आता मुंबई गाठावी लागणार. तसे नाही. सध्याची नेमणूक जिथे आहे, किंवा वादाचे कारण पूर्णतः वा अंशतः जिथे घडले, तिथल्या खंडपीठाकडे साधारणपणे अर्ज करता येतो. निवृत्त किंवा बडतर्फ कर्मचाऱ्याला राहत्या ठिकाणच्या खंडपीठाचाही पर्याय असतो. विदर्भात नोकरी करून गावी परतलेल्या माणसाला पेन्शनच्या वादासाठी नागपूरच्या खेपा घालायची गरज नाही.

उच्च न्यायालयासाठीही सूत्र तेच आहे. 1963 च्या पंधराव्या घटनादुरुस्तीने ‘वादाचे कारण’ हा निकष आणला. मुंबईत मुख्यालय असलेल्या शिपिंग कॉर्पोरेशनचे खलाशी नवल किशोर शर्मा हृदयविकारामुळे जहाजावरच्या कामास अपात्र ठरले आणि बिहारला घरी परतले. अपंगत्वाची भरपाई नाकारणारे पत्र त्यांना तिथल्याच पत्त्यावर आले. 2014 साली सर्वोच्च न्यायालयाने ठरवले, की पाटणा उच्च न्यायालय हे प्रकरण ऐकू शकते.

मॅटच्या निकालावरही उच्च न्यायालयात जाता येते. सर्वोच्च न्यायालयाच्या 1997 च्या चंद्रकुमार निकालाने ते दार पक्के केले. मराठवाड्याला हे दार जवळ मिळाले ते 27 ऑगस्ट 1981 रोजी, औरंगाबाद खंडपीठाचे काम सुरू झाले तेव्हा. त्याआधी उच्च न्यायालयासाठी मुंबईच गाठावी लागे. तुटपुंज्या पगाराच्या माणसाला रजा, प्रवास, मुक्काम, वकील हे सारे झेपत नाही, आणि न्याय लांब असला की तो अन्याय गिळून गप्प बसतो. अधिकारक्षेत्र हा कायद्यातला कोरडा शब्द नाही, तो गरिबाच्या खिशाशी जोडलेला आहे.

मुदतही विसरू नका. मॅटकडे जाण्यासाठी अंतिम आदेशापासून एक वर्ष मिळते. खात्याकडे केलेल्या अपिलावर सहा महिने निर्णय आला नाही, तर त्या सहा महिन्यांनंतर एक वर्ष. पुरेसे कारण दाखवल्यास उशीर माफ होऊ शकतो, पण तो हक्क नव्हे. चुकीच्या दारात महिने घालवले तर त्याचा खुलासा तुम्हालाच करावा लागतो.

तेव्हा आदेश हाती पडला की घाबरू नका. ज्या पाकिटातून तो आला, ते फेकू नका. त्यावरचा पत्ता आणि टपालाचा शिक्का उद्या तुमचा पुरावा ठरू शकतो. मिळाल्याची तारीख आदेशावर लिहा, छायाप्रत काढा आणि त्याच आठवड्यात जाणकार वकिलाला दाखवा.