नाव ठेवलं हिलाल

चौथा रोजा होता. इफ्तारला अर्धा तास असेल. फळं चिरत होते, तेवढ्यात अहमदनगरहून, म्हणजे आताच्या अहिल्यानगरहून, भाचीच्या नवऱ्याचा फोन आला. मुलगी झाली, दोघी सुखरूप आहेत. मी 'अल्हम्दुलिल्लाह' म्हणाले. मुबारकबाद द्यायच्या आत तोच पुढे म्हणाला, "खाला, रडली. इतकी मोठ्यानं रडली की बाहेर जिन्यापर्यंत आवाज आला."

हे तो का सांगतोय, ते मला कळलं. दोन वर्षांपूर्वी या दोघांचं पहिलं बाळ पूर्ण दिवस भरून जन्मलं आणि रडलंच नाही. तेव्हा नाव ठरलेलं नव्हतं. दवाखान्याच्या कागदावर भाचीचं नाव आणि पुढे 'यांचे बाळ', एवढंच. कबरस्तानातल्या त्या एवढ्याशा कबरीला कुणाच्या नावानं हाक मारायची, हा प्रश्न तिला तेव्हापासून छळत होता. या खेपेला तिनं पाचव्या महिन्यातच सांगून टाकलं, की नाव आधी हवं. काहीही झालं तरी बाळ बिननावाचं जायला नको.

मुलगा की मुलगी, हे आधी विचारायची सोय नाही. १९९४ चा कायदा आहे आणि तो असायलाच हवा. म्हणजे नाव असं हवं, जे दोघांनाही शोभेल. डॉक्टरांनी दिलेली तारीख रमजानच्या चंद्राच्या आसपासची होती. भाचीनं आणि तिच्या नवऱ्यानं मिळून नाव काढलं, हिलाल. पहिल्या दिवसांची चंद्रकोर.

आमच्या विहीणबाईंना, म्हणजे भाचीच्या सासूबाईंना, ते काही पटेना. त्या उर्दू शाळेतून निवृत्त झालेल्या शिक्षिका. त्यांच्या हरकती तीन होत्या आणि तिन्ही कच्च्या नव्हत्या. एक, हिलाल हे पुरुषाचं नाव आहे. दोन, गल्लीतून हाक मारली की लोकांना 'हलाल' ऐकू येईल, पोरं चिडवतील. तिसरी हरकत ऐकून मला हसू आलं : "चौथ्या दिवशी जन्मली. चौथ्या दिवशी कुठला हिलाल? तोवर त्याचा कमर झाला." अकिका सातव्या दिवशी. तोवर काय ते ठरवा, आणि तू पेपरात लिहितेस ना, मग तूच शोध, असं म्हणून प्रकरण माझ्याकडे आलं. तरावीह आटोपली की मी कोश उघडून बसू लागले.

तिसरी हरकत लगेच निकालात निघाली. अरबीत चंद्राला वयाप्रमाणे नावं आहेत. नवा तो हिलाल, मग कमर, चौदाव्या रात्रीचा पूर्ण चंद्र तो बद्र. पण हिलाल किती रात्रींचा, यावर जुन्या कोशकारांचंच एकमत नाही. कुणी दोन रात्री म्हणतं, कुणी तीन, कुणी सात. सातवाल्यांच्या हिशेबानं आमची मुलगी चौथ्या दिवशीही वेळेतच आली होती.

दुसरी हरकत अरबी लिपीत उरतच नाही. 'हलाल'मधला ह घशातून येतो, त्याचं अक्षर वेगळं, धातू वेगळा. 'हिलाल'मधला ह साधा, श्वासासारखा. मराठीत दोन्हींना एकच ह, म्हणून हा घोटाळा. उलट मराठीत या नावाची एक वेगळीच सोय आहे. हिलाल हा शब्द मराठीला परका नाही. जुन्या मराठीत हिलाल म्हणजे मशाल. ऐतिहासिक कादंबऱ्या वाचणाऱ्यांना रात्रीच्या स्वारीत पेटलेले हिलाल आठवतील. म्हणजे शाळेत मराठीच्या बाईंनी अर्थ विचारला, तर पोरीला दोन उत्तरं देता येतील आणि दोन्ही उजेडाचीच असतील.

राहिली पहिली हरकत. खरा वाद तिथेच होता.

विहीणबाईंचं म्हणणं खोटं नाही. अरबीत 'हिलाल' हा शब्द पुल्लिंगी, उर्दूतही पुल्लिंगी. सहाबांमध्ये हिलाल इब्न उमय्या होते. इ. स. ६३० मध्ये तबूकच्या मोहिमेला जे तीन सच्चे लोक सबळ कारण नसताना मागे राहिले, त्यांतले ते एक. तिघांशी बोलणं बंद झालं. पन्नास रात्री हा अबोला चालला. हिलाल वयस्क होते, घरात बसून रडत राहिले. चाळीस दिवसांनी बायकांनीही दूर राहावं, असा हुकूम आला, तेव्हा त्यांची बायको प्रेषितांकडे गेली. नवरा म्हातारा आहे, घरात नोकर नाही, मी त्याचं करू का, असं तिनं विचारलं आणि तिला परवानगी मिळाली. पन्नासाव्या दिवशी तौबा कबूल झाल्याची खबर आली. सूरह तौबामध्ये या तिघांचा उल्लेख आहे. माझ्या मते या कथेत हिलाल यांच्याइतकीच त्यांची ती बायको मोठी आहे.

बनू हिलाल नावाची अख्खी टोळीही होती. या टोळीनं अकराव्या शतकात उत्तर आफ्रिकेकडे स्थलांतर केलं, आणि तिच्यावरचं महाकाव्य इजिप्तमध्ये तोंडी परंपरेनं गायलं गेलं. युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत ते आहे. पण याच टोळीतल्या दोन बाया आपल्याला अधिक जवळच्या असायला हव्यात : गरिबांची आई म्हणून ओळखल्या गेलेल्या हजरत जैनब बिन्ते खुजैमा आणि हजरत मैमूना बिन्ते हारिस. दोघी उम्महातुल मोमिनीन, आणि दोघींच्या नावापुढे 'हिलालिया' लागतं.

शिवाय नावाचं लिंग आणि माणसाचं लिंग यांची सांगड त्या काळातही इतकी घट्ट नव्हती. हिंद म्हटलं की आपल्याला हिंद बिन्ते उत्बा आठवते. पण हजरत खदीजा यांच्या आधीच्या लग्नाच्या मुलाचं नावही हिंदच होतं, हिंद इब्न अबी हाला. प्रेषितांच्या रूपाचं जे वर्णन आजही वाचलं जातं, ते त्यांच्याकडून आलेलं आहे. अस्मा बिन्ते अबू बक्र सगळ्यांना ठाऊक असतात, तसेच अस्मा इब्न हारिसा नावाचे सहाबीही होते. आपल्या उर्दू जगात तर हे नेहमीचंच. इस्मत चुगताई बाई आणि तुर्कस्तानचे दुसरे राष्ट्राध्यक्ष इस्मत इनोनू पुरुष. शमीम, नसीम, कौसर, खुर्शीद, इकबाल ही नावं नुसती कानावर पडली, तर समोर भाऊ येणार की बहीण, सांगता येत नाही.

तुर्कस्तानात तर हिलाल हे मुख्यतः मुलींचंच नाव आहे. तुर्की भाषेत लिंगच नाही. तो, ती, ते या तिन्हींना एकच सर्वनाम. शब्द अरबस्तानातून निघाला तेव्हा पुल्लिंगी होता, तुर्कीत पोहोचला तेव्हा त्याच्या अंगावर ती खूण उरली नाही. लोकांनी नाजूक कोर बघितली आणि मुलीला नाव दिलं. आणि मराठीत? चंद्र तो, पण कोर ती. आपल्याकडे बायका कपाळावर लावतात ती टिकलीही चंद्रकोरच. भाऊबीजेला ओवाळताना आकाशात जी बीजेची कोर असते, तीच कोर आपण ईदला गच्चीवर शोधतो. मराठी कानाला हिलाल मुलीचं वाटलं, तर त्यात नवल काय?

मुतनब्बी हा दहाव्या शतकातला अरबीचा मोठा कवी. हलबच्या सैफुद्दौला या राजाची आई वारली, तेव्हा त्यानं शोककाव्य लिहिलं. अरबीत सूर्य हा शब्द स्त्रीलिंगी आणि हिलाल पुल्लिंगी. व्याकरणातल्या याच गोष्टीचा आधार घेऊन त्यानं त्या बाईचा मोठेपणा सांगितला. हे वाचलं आणि मी रात्री साडेअकराला विहीणबाईंना फोन केला. त्या जाग्याच होत्या. ऐकून घेतलं, आणि म्हणाल्या, "मुतनब्बीला मुलीचं लग्न जमवायचं नव्हतं."

मग मी त्यांच्याच गावाकडे वळले. अहमदनगरच्या माणसाला 'चांद' हे नाव बाईचं की पुरुषाचं, असं विचारून बघा. चांदबीबी! १५९५-९६ मध्ये शहजादा मुरादच्या मोगल फौजेसमोर भुईकोट किल्ला लढवणारी. डोंगरावरच्या सलाबतखानाच्या मकबऱ्यालाही लोक चांदबीबीचा महाल म्हणून मोकळे झाले, इतकी ती गावाच्या मनात आहे. आणि त्याच जिल्ह्यातल्या शिर्डीत साईबाबा वऱ्हाडाबरोबर आले, ते धूपखेड्याच्या चांद पाटलांच्या सोबतीनं. एक चांद किल्ला लढवणारी, दुसरा चांद गावचा पाटील. कुणाला कधी अडचण झाली नाही.

त्या किल्ल्याचं आणि हिलालचंही एक नातं आहे. मौलाना आझादांनी १९१२ मध्ये कोलकात्यात उर्दू साप्ताहिक काढलं, त्याचं नाव 'अल-हिलाल'. इंग्रज सरकारनं १९१४ मध्ये ते बंद पाडलं. पुढे १९४२ च्या लढ्यात मौलानांना डांबलं, ते याच भुईकोट किल्ल्यात. 'गुबार-ए-खातिर'मधली पत्रं तिथलीच. सोबत नेहरू होते. तिथे लिहिलेल्या त्यांच्या भारतावरच्या ग्रंथाची सुरुवातच नव्या चंद्रकोरीनं होते. हे सांगितल्यावर विहीणबाई बराच वेळ काही बोलल्या नाहीत. शिक्षिकेला इतिहास लागू पडतो.

हे सगळं सांगून झालं, तरी एक गोष्ट मी कुणालाच सांगितली नव्हती. हिलालला हिलाल का म्हणतात, ही.

या धातूचा मूळ अर्थ चंद्र नाहीच. आवाज चढवणं, हा आहे. नवी कोर दिसली की लोक मोठ्यानं ओरडून एकमेकांना सांगतात, म्हणून तिला हिलाल म्हणाले, असं जुने कोशकार सांगतात. चांदरातीला आपल्या गच्च्यांवर 'दिसला, दिसला' म्हणून जो गलका होतो, तो म्हणजे या शब्दाचा अर्थच. हजला जाणारे मोठ्यानं लब्बैक म्हणतात, ते 'इहलाल'. कुरआनात रोजांच्या आयतींच्या पाठोपाठ लोकांनी नव्या चंद्रांविषयी विचारल्याची आयत येते, तिथे याच शब्दाचं अनेकवचन आहे, 'अहिल्ला'. चंद्र पाहिल्यावर आपण जी दुआ म्हणतो, तिचं क्रियापदही याच धातूचं.

आणि नवजात बाळाचं पहिलं रडणं, त्याला अरबीत 'इस्तिहलाल' म्हणतात.

फिक्हमध्ये हा शब्द फार वजनाचा आहे. बाळ जन्मल्यावर रडलं, म्हणजे ते जिवंत जन्मलं, याची ती साक्ष. मग ते घडीभरच जगलं, तरी त्याला वारसाहक्क मिळतो, त्याच्यासाठी जनाज्याची नमाज होते. एका आवाजावर एवढं सगळं अवलंबून. आमच्या जावयानं फोनवर आधी रडण्याची खबर दिली. तो फिक्ह शिकलेला नाही, पण त्याला जे सांगायचं होतं, ते हेच.

हे भाचीला सांगावं की नाही, यात माझे दोन दिवस गेले. कारण हिचा आवाज जिन्यापर्यंत गेला, तसा पहिल्याचा गेला नव्हता. नावाचा हा अर्थ कळला, तर दर हाकेला तिला ते आठवेल, असं वाटत राहिलं. मग त्याच पानांवर पुढे वाचलं. न रडलेल्या बाळाविषयीही लिहिलेलं आहे. जनाज्याची नमाज नाही. पण त्याला आंघोळ घालावी, कापडात गुंडाळून दफन करावं आणि त्याला नाव द्यावं, असं हनफी फकीहांचं मत आहे. आपण हनफी. दोन वर्षांपूर्वी हे आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं, आणि आम्हीही कुणाला विचारलं नव्हतं.

अकिक्याला मी नगरला गेले. घरात मटणाचा वास, पाहुण्यांचे रोजे, इफ्तारनंतर वाढायची लगबग. बाळाचे केस उतरवले, तेवढ्या वजनाच्या चांदीचे पैसे सदक्याला बाजूला काढले. मौलवीसाहेबांनी नाव विचारलं, तेव्हा विहीणबाईंनीच पुढे होऊन सांगितलं, "हिलाल. छोटी हे." छोटी हे म्हणजे उर्दूतलं हिलालचं अक्षर. हलाल वाटू नये, याची त्यांनी तिथेही काळजी घेतली. त्या स्वतः मात्र मुलीला चांद म्हणतात. चालतंय.

मगरिबनंतर भाचीच्या खोलीत दोघीच होतो, तेव्हा मी तिला सगळं सांगितलं. इस्तिहलालचंही. ती बाळाला पाजत होती, ऐकत राहिली. मग विचारलं, "म्हणजे आताही नाव ठेवता येईल? दोन वर्षांनी?"

मी म्हटलं, "ठेव. कोण अडवणार आहे?"

तिनं ठेवलंय. सहेरीच्या वेळी उठले, तेव्हा ती खिडकीशी बसून दुआ मागत होती, आणि तिच्या ओठांवर दोन नावं होती. एक हिलाल. दुसरं मला नीट ऐकू आलं नाही, आणि मी विचारलं नाही.