भट्टीचा शनिवार

लग्नानंतर मी जर्मनीला निघाले तेव्हा सगळ्यांनी गृहीत धरलं, की पोरगी मोठ्या शहरात चालली. प्रत्यक्षात आमचं बिऱ्हाड पडलं दक्षिणेकडच्या श्वाबेन भागातल्या एका खेड्यात. एक चर्च, एक दुकान आणि मोजक्या बस. रविवारी तर भिंतीत खिळासुद्धा ठोकायचा नाही!

त्यात ‘केरवोखे’. (नावातच केर!) म्हणजे झाडलोटीचा आठवडा. पाळी आली, की आपल्या दाराला पाटी लागते. मग जिना, फुटपाथ सगळं लख्ख हवं. पहिल्याच हिवाळ्यात सकाळचे सात वाजून गेले तरी मी बर्फ काढला नव्हता. खालच्या मजल्यावरच्या आजींनी बेल वाजवली. ‘‘कुणी घसरून पडलं तर जबाबदार तुम्ही!’’ दार लावून मी रडले. वाईला रोज अंगण झाडून सडा घालणारी मी!

गावात सामायिक भट्टी आहे. घरोघरच्या भट्ट्यांमुळे आगी लागत, म्हणून 19व्या शतकात इकडच्या बऱ्याच गावांनी अशी ‘बाकहाउस’ बांधली. आमची महिन्यातून एका शनिवारी पेटते. लेकीला कडेवर घेऊन मी सहज डोकावले, तर आत त्याच आजी. काटक्यांच्या मोळ्यांचे निखारे झाल्यावर त्यांनी ते बाहेर ओढले, ओल्या फडक्याने तळ पुसला आणि चिमूटभर पीठ आत टाकलं. लगेच काळं पडलं तर भट्टी फार तापलेली, हळूहळू बदामी झालं तर पाव आत. मी न राहवून म्हणाले, ‘‘आई तव्यावर पाणी शिंपडून असंच बघते.’’ आजींनी पहिल्यांदाच माझ्याकडे नीट पाहिलं.

पुढच्या महिन्यात मीही पीठ मळून नेलं. भाजलेला पाव पालथा करून बोटाने ठोकायचा, पोकळ आवाज आला की झाला. माझा कसला वाजतोय, दगड नुसता! आजींनी तो कापला, लोणी लावून खाल्लाही.

जर्मनमध्येही ‘तू’ आणि ‘तुम्ही’ असतं. ‘तू’ म्हणायची मुभा मोठ्यांनी द्यायची. आजींनी सहा वर्षं लावली. भट्टीपाशीच, हात पुसत म्हणाल्या, ‘‘आता मला तू म्हण.’’ घरच्या आजीला ‘अगं’ म्हणत वाढलेले मी, पण तोंडातून शब्द फुटेना.

आता तिचे गुडघे साथ देत नाहीत. भट्टीवर येणारी घरंही चारच उरलीत. मोळ्या मी वाहते, ती खुर्चीत बसून पिठाचा रंग बघते. तिच्या पाळीचा जिनाही मीच झाडते. झाडून झाला, की ती दार उघडून कोपरे तपासते.