लाथेची नोकरी

सबंध जगात या नोकरीच्या पक्क्या जागा बत्तीस. अमेरिकेच्या नॅशनल फुटबॉल लीगमध्ये संघ ३२, प्रत्येक संघात ५३ खेळाडू, आणि त्या ५३ जणांत पंटर एकच. दुसरा ठेवण्याची चैन सहसा कुणाला परवडत नाही. हा गडी सामन्यात चार-पाच वेळा मैदानात येतो, प्रत्येक वेळी दोन सेकंदांत काम उरकतो आणि पुन्हा बाकावर जाऊन बसतो. २०२४ साली लीगमधल्या अगदी नवख्या खेळाडूलासुद्धा वर्षाला किमान ७ लाख ९५ हजार डॉलर मिळत होते. हा आकडा मी जामनेरात चहाच्या टपरीवर सांगितला तेव्हा शेजारचे गृहस्थ म्हणाले, "भाऊ, आमच्या पोराले लावून दे ना तठी. तो बी दिवसभर लाताच मारतो!"

मला या खेळाचा नाद केबल टीव्हीनं लावला. अमेरिकेतल्या रविवार दुपारचा सामना आपल्याकडे रात्री साडेदहा-साडेअकराला सुरू होतो आणि सुपर बोल, म्हणजे लीगचा अंतिम सामना, सोमवारी पहाटे पाचला. घरचे झोपले की आवाज बंद करून बघायचं. समालोचन नाही, त्यामुळे बरेच दिवस नियम कळले नाहीत. मात्र एक माणूस लक्षात राहिला. बाकीचे सगळे चेंडूसाठी एकमेकांची हाडं मोडत असताना हा मात्र मिळालेला चेंडू लाथेनं उडवून समोरच्यांना देऊन टाकायचा. आमच्या शाळेतल्या कबड्डीच्या सरांना एकदा मुद्दाम बोलावून दाखवलं. ते वैतागून म्हणाले, "अहो, पण देतोय कशाला?"

तर देतो कशाला, ते आधी सांगतो. चेंडू ज्या संघाकडे आहे त्याला चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढं सरकायचं असतं. या प्रयत्नाला डाऊन म्हणतात. सरकलात, तर पुन्हा चार डाऊन. नाही सरकलात, तर चेंडू जिथं पडला असेल तिथूनच समोरच्याला मिळतो. तीन प्रयत्न वाया गेले आणि आपण आपल्याच गोलरेषेजवळ अडकलो असलो, तर चौथा डाव खेळणं म्हणजे शत्रूला दारात आणून बसवणं. त्यापेक्षा चेंडू लाथेनं लांब मारून द्यावा. यालाच पंट म्हणतात. गेलाच आहे हातचा, तर निदान चाळीस-पंचेचाळीस यार्ड दूर जाऊ दे. म्हणजे पंटर हा मोटारीतल्या स्टेपनीसारखा: पंक्चर झाल्याशिवाय कुणी त्याचं तोंड बघत नाही.

इतिहास थोडक्यात उरकतो. रग्बी आणि सॉकर या इंग्लिश खेळांतून हा खेळ एकोणिसाव्या शतकात अमेरिकी कॉलेजांमध्ये घडला. पहिला आंतरकॉलेज सामना १८६९ साली रटगर्स आणि प्रिन्स्टन यांच्यात झाला, वॉल्टर कॅम्प यांनी १८८० च्या दशकात डाऊनची पद्धत आणली आणि १९२० साली ओहायोतल्या कँटन गावी एका मोटारींच्या शोरूममध्ये बसून लीगची स्थापना झाली. बास.

आता कसबाकडे येऊ. पंटर रेषेच्या साधारण पंधरा यार्ड मागे उभा राहतो. लाँग स्नॅपर नावाचा भिडू वाकून, दोन पायांमधून चेंडू मागं फेकतो. तो पाऊण सेकंदात हातात येतो आणि पुढच्या सव्वा सेकंदात तो पायावरून सुटलाच पाहिजे, कारण समोरून दीड-दीडशे किलोची माणसं धावत येत असतात. चेंडू लांबट, दोन्ही टोकांना निमुळता, वजन चारशे ग्रॅमच्या आसपास. सगळी मेख पायात असेल असं वाटतं. खरी मेख हातात आहे. चेंडू कमरेच्या उंचीवरून, आडवा, न डगमगता सोडता आला पाहिजे. सोडताना टोक किंचित वाकडं झालं की लाथ कितीही जोरदार असो, चेंडू भलतीकडे. अमेरिकेतल्या पुतणीनं तिकडून आणलेला चेंडू घेऊन मी शाळेच्या मैदानावर हे करून पाहिलं आहे. पोरं हसली आणि नंतर तासभर त्यांनी चेंडू मला परत दिला नाही.

शिवाय नुसतं लांब मारून भागत नाही. चेंडू हवेत किती वेळ राहतो याला हँग टाइम म्हणतात. साडेचार सेकंद म्हणजे उत्तम. तेवढ्या वेळात आपली माणसं धावत जाऊन झेलणाऱ्याभोवती कडं करतात. चेंडू लांब पण सपाट गेला, तर झेलणारा मोकळ्या रानात धावत सुटतो. आणि समोरची गोलरेषा जवळ असेल तेव्हा जोर आवरावा लागतो. चेंडू रेषेपलीकडे गेला तर प्रतिपक्षाला फुकटात वीस यार्ड पुढून सुरुवात मिळते. म्हणून गोलरेषेच्या चार-पाच यार्ड अलीकडे, कडेच्या रेषेवरून तो बाहेर घालवायचा. या कोपऱ्याला कॉफिन कॉर्नर म्हणतात, आणि माझा जीव अडकला आहे तो इथंच.

न्यू यॉर्क जायंट्स या एकाच संघाच्या पंटरांवर कादंबरी होईल. सुरुवात शॉन लँडेटापासून करतो. ५ जानेवारी १९८६, शिकागोचं सोल्जर फील्ड, बाद फेरीचा सामना, तळ्यावरून सुटलेला बोचरा वारा. लँडेटानं चेंडू सोडला आणि वाऱ्यानं तो बाजूला ढकलला. पाय जेमतेम घासून गेला. चेंडू तिथंच पडला, शॉन गेल या शिकागोच्या खेळाडूनं तो उचलला आणि पाच यार्ड चालत जाऊन, गोलरेषा ओलांडून टचडाऊन केला. कुणाचीही कारकीर्द इथं संपली असती. लँडेटा मात्र पुढच्याच वर्षी सुपर बोल जिंकला, १९९१ मध्ये आणखी एक जिंकला आणि २००५ पर्यंत लीगमध्ये लाथा मारत राहिला.

दुसरा जेफ फीगल्स, माझा सगळ्यात लाडका. १९८८ साली कॉलेजमधून आला तेव्हा खेळाडूंच्या वार्षिक निवडीत त्याला कुणी घेतलंच नाही. मागच्या दारानं न्यू इंग्लंडकडे शिरला आणि २२ हंगाम खेळला: सलग ३५२ सामने, एकही न चुकवता, आणि १,७१३ पंट. लांबीच्या यादीत त्याचं नाव वर नाही. कोपऱ्याच्या यादीत मी त्याच्यावर कुणाला बसू देणार नाही. पंटरची संघातली पत किती, याचा किस्साही त्याचाच. २००४ साली क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू फेकणारा म्होरक्या, ईलाय मॅनिंग संघात आला आणि त्याला फीगल्सचा १० नंबर हवा होता. फीगल्सनं तो दिला. बदल्यात कुटुंबाची फ्लोरिडाची सहल मॅनिंगच्या खर्चानं. मग त्यानं १७ नंबर घेतला. पुढच्या वर्षी प्लॅक्सिको बरेस आला, त्याला १७ हवा. या खेपेला फीगल्सनं घरामागच्या अंगणातल्या स्वयंपाकघराचा खर्च मागितला. असा व्यवहारी माणूस खानदेशात जन्मला असता तर केळीचा मोठा व्यापारी झाला असता. फेब्रुवारी २००८ मध्ये, वयाच्या ४१ व्या वर्षी, त्याला सुपर बोलही मिळाला, आणि १८-० अशा घोडदौडीवर असलेल्या न्यू इंग्लंडला हरवून मिळाला.

२०१० मध्ये तो निवृत्त झाला आणि त्याच्या जागी आला मॅट डॉज. पायात ताकद अफाट, वय कोवळं. १९ डिसेंबर २०१०, समोर फिलाडेल्फिया. जायंट्सनी ३१-१० अशी आघाडी शेवटच्या आठ मिनिटांत घालवली होती, बरोबरी झाली होती आणि घड्याळात चौदा सेकंद उरले होते. प्रशिक्षक टॉम कॉफलिन यांचा निरोप स्पष्ट होता: चेंडू मैदानाबाहेर मार. स्नॅप उंच आला, डॉजची लय चुकली आणि चेंडू सरळ डीशॉन जॅक्सनकडे गेला. जॅक्सनच्या हातून तो आधी सुटला, मग त्यानं उचलला आणि ६५ यार्ड धावला. वर आणि घड्याळ संपावं म्हणून गोलरेषेला समांतर पळून मगच आत शिरला. ३८-३१. कॉफलिन तावातावानं मैदानात शिरून त्या पोरावर ओरडत होते, ते दृश्य मी अजूनही बघतो आणि दरवेळी पोराची बाजू घेतो. तो हंगाम संपला आणि डॉज पुन्हा कधीही लीगच्या नियमित सामन्यात खेळला नाही.

त्याच्या जागी स्टीव्ह वेदरफोर्ड आला. ५ फेब्रुवारी २०१२, इंडियानापोलिस, सुपर बोल, समोर पुन्हा न्यू इंग्लंड. जायंट्सची पहिली चढाई फसली, वेदरफोर्ड आला आणि त्यानं असा पंट मारला की न्यू इंग्लंडला स्वतःच्या ६ यार्डांवरून सुरुवात करावी लागली. टॉम ब्रेडी मागं सरकत गोलक्षेत्रात गेला, दडपणाखाली चेंडू लांब फेकला आणि तिथं त्याच्या संघाचं चिटपाखरूही नव्हतं. नियमानुसार सेफ्टी, म्हणजे जायंट्सना दोन गुण. धावफलकावर पंटरचं नाव येत नाही, पण ते दोन गुण वेदरफोर्डचे आहेत यावर मी कुणाशीही भांडायला तयार आहे. सामना २१-१७ असा जायंट्सनी जिंकला.

एवढं सांगूनही ऑस्ट्रेलियन मंडळींना वगळता येत नाही. त्यांच्या फुटबॉलमध्ये लहानपणापासून हातातला चेंडू लाथेनंच साथीदाराला द्यायचा असतो. डॅरेन बेनेट हा तिकडचा खेळाडू मधुचंद्रासाठी कॅलिफोर्नियात आला आणि सॅन डिएगो चार्जर्सकडे जाऊन म्हणाला, माझी चाचणी घ्या. (बायकोचं मत उपलब्ध नाही.) १९९५ पासून तो मैदानात दिसू लागला आणि त्याच्यासोबत आला ड्रॉप पंट. यात चेंडू भोवऱ्यासारखा न फिरता उलट्या कोलांट्या घेत जातो आणि जमिनीवर आपटला की पुढं घरंगळण्याऐवजी जागीच थबकतो किंवा मागं येतो. कोपऱ्यासाठी याहून चांगलं हत्यार नाही. त्यानंतर रांगच लागली. साव्ह रोका २००७ मध्ये ३३ व्या वर्षी 'नवखा' म्हणून आला. मायकल डिक्सननं तर २०२१ साली अडवला गेलेला स्वतःचाच पंट उचलून, पळता पळता पुन्हा मारला. तो ६८ यार्ड गेला.

मागं ओहायोत पुतणीकडे गेलो होतो तेव्हा हट्टानं कँटनचं हॉल ऑफ फेम बघून आलो. ब्राँझच्या अर्धपुतळ्यांच्या त्या दालनात मी शोधत होतो रे गायला. १९७३ साली ओकलंड रेडर्सनी त्याला निवडीच्या पहिल्या फेरीत घेतलं. निव्वळ पंटरला असा मान ना आधी मिळाला, ना नंतर. चेंडू इतका वेळ हवेत राही की त्यात हेलियम भरल्याचा संशय प्रतिस्पर्ध्यांनी घेतला. १९७६ च्या प्रो बोल या निवडक खेळाडूंच्या सामन्यात त्यानं सुपरडोमच्या छताखाली टांगलेल्या पडद्यावर चेंडू आदळवला. तीन सुपर बोल जिंकले. आणि हॉलमध्ये प्रवेश कधी? २०१४ साली, निवृत्तीनंतर जवळजवळ तीन दशकांनी. पंटर म्हणून आत गेलेला तो पहिलाच. निवड समितीच्या या कंजुषीला मी तरी माफ करत नाही. पुतणी म्हणाली, "काका, हळू बोला, लोक बघताहेत."

आपल्याकडे हा खेळ रुजवण्याचा प्रयत्न झाला होता. २०११ मध्ये एलिट फुटबॉल लीग ऑफ इंडियाची घोषणा झाली. पुणे मराठाज, मुंबई ग्लॅडिएटर्स अशी संघांची नावं होती, अमेरिकेतले नामवंत माजी खेळाडू पाठीशी होते. पहिला हंगाम श्रीलंकेत खेळला गेला, टीव्हीवर दाखवला गेला, पुणे जिंकलं. पुढं ते गाडं रुळावरून उतरलं. रग्बी आणि कबड्डीतून आलेल्या त्या पोरांना धडका शिकवणं सोपं गेलं असणार. लाथ शिकायला मात्र वर्षं लागतात.

आता पल्ल्याचं थोडं. आजवरचा सर्वांत लांब पंट ९८ यार्डांचा, न्यू यॉर्क जेट्सच्या स्टीव्ह ओनीलचा, १९६९ मध्ये डेन्व्हरच्या विरळ हवेतला. हंगामाच्या सरासरीचा सॅमी बॉचा ५१.४ यार्डांचा विक्रम १९४० पासून उभा होता. तो २०२२ मध्ये टेनेसी टायटन्सच्या रायन स्टोनहाउसनं, पहिल्याच हंगामात, ५३.१ वर नेऊन मोडला. पण त्याची खरी किंमत कळली ३ डिसेंबर २०२३ ला. इंडियानापोलिसविरुद्ध त्याचे दोन पंट अडवले गेले आणि त्यात त्याचा गुडघा कामातून गेला. पंटरचं एक दुसरं, कुणाच्या डोळ्यांत न भरणारं काम असतं: गोलावर लाथ मारणाऱ्या किकरसाठी चेंडू जमिनीवर उभा धरायचा. ते काम ऐनवेळी राखीव क्वार्टरबॅक रायन टॅनेहिलच्या गळ्यात पडलं. शेवटाकडे टायटन्सनी टचडाऊन करून २५-२५ अशी बरोबरी साधली, जिंकायला एक साधी किक हवी होती, आणि अनुभवी निक फोकची ती किक चुकली. जादा वेळेत टायटन्स ३१-२८ असे हरले. दुसऱ्या दिवशी लाथांची बाजू सांभाळणाऱ्या पथकाच्या प्रशिक्षकाला नारळ मिळाला. स्टोनहाउस शस्त्रक्रिया करून २०२४ च्या हंगामात परत आला, पंटही मारू लागला आणि चेंडूही धरू लागला.