विष उतरल्यावरचं अक्षर

रोगांची आकडेभाषा : लेखांक ९

मागच्या आठवड्यात विषबाधेच्या कोडच्या सहाव्या जागेपर्यंत येऊन थांबलो होतो. आधी गट, मग पदार्थ, आणि सहाव्या जागी हेतू : चुकून, स्वतःहून, दुसऱ्याने केलेलं, की ठरवता न येणारं. सातवी जागा राहिली होती. तिथे ए, डी किंवा एस यांपैकी एक अक्षर येतं. पर्याय तीनच असल्याने प्रकरण सोपं वाटतं, आणि पुण्यात किंवा नवी मुंबईत बसून अमेरिकन इस्पितळांचे चार्ट वाचणारा नवखा कोडर नेमका इथेच बेसावध असतो. बीएचएमएस किंवा बीफार्म झालेल्यांना कुठलं विष कुठल्या अवयवावर जातं हे बरोबर ठाऊक असतं. पण हे अक्षर विषाबद्दल काहीच सांगत नाही. रुग्ण उपचाराच्या कुठल्या टप्प्यावर आहे, एवढंच ते सांगतं.

समजा, ओहायोतली एकोणीस वर्षांची एक मुलगी आहे. घरातल्या भांडणानंतर तिने पॅरासिटामॉलच्या गोळ्या मुठीने घेतल्या. अमेरिकेत या औषधाला असिटॅमिनोफेन म्हणतात, पण कोड एकच : टी३९.१. इमर्जन्सीत गोळ्या घेतल्यापासून चार तासांनी रक्तातलं प्रमाण मोजलं गेलं आणि ते रुमॅक आणि मॅथ्यू यांनी १९७५ साली प्रसिद्ध केलेल्या आलेखावर ठेवून पाहिलं गेलं. आकडा रेषेच्या वर निघाला म्हणून एन-असिटिलसिस्टीन शिरेतून सुरू झालं. या विषाचा कावा असा, की पहिल्या दिवशी रुग्ण बराच ठीक दिसतो आणि यकृताची खरी हानी तिसऱ्या-चौथ्या दिवशी शिखराला पोचते. म्हणून तिला ठेवून घेतलं, मानसोपचारतज्ज्ञांनी पाहिलं आणि पाचव्या दिवशी घरी सोडलं. या सगळ्या मुक्कामाचा कोड टी३९.१एक्स२ए. मधला एक्स निव्वळ जागा धरून ठेवतो. पाचव्या जागी सांगण्यासारखं काही नाही, पण सहावं आणि सातवं अक्षर आपापल्या जागीच पडायला हवं, म्हणून तो तिथे उभा.

आठवड्याने ती तिच्या नेहमीच्या डॉक्टरकडे गेली. डॉक्टरने यकृताच्या चाचण्या आणि आयएनआर पुन्हा केले, पोट तपासलं, भूक कशी आहे ते विचारलं. आता या भेटीला कोड कुठला?

नवखा माणूस इथे साधारण दोन वाटांनी चुकतो. पहिली वाट ए ची. तो म्हणतो, या डॉक्टरने तिला या आजारासाठी पहिल्यांदाच पाहिलं, म्हणजे भेट पहिली. इंग्रजी नावात ‘पहिली भेट’ असा अर्थ असल्याने हा गैरसमज होतो, आणि खरं सांगायचं तर नाव देणाऱ्यांनीच तो ओढवून घेतला आहे. अमेरिकेची अधिकृत मार्गदर्शक तत्त्वं मात्र स्वच्छ सांगतात, की डॉक्टर नवा आहे का जुना, याच्याशी या अक्षराचा संबंध नाही. रुग्णावर त्या आजाराचा प्रत्यक्ष उपचार चालू असेल तर ए. तो संपून रुग्ण बरं होण्याच्या वाटेवर असेल आणि नेहमीची देखरेख चालू असेल तर डी. इमर्जन्सीतून आयसीयू, आयसीयूतून मोठ्या शहरातलं दुसरं इस्पितळ असं तीन ठिकाणी तिला हलवलं असतं आणि तिन्ही ठिकाणी औषध चालू राहिलं असतं, तर तिन्ही ठिकाणी ए च लागला असता. आठवड्यानंतरच्या भेटीत विषावरचा उपचार काहीच नव्हता. म्हणून टी३९.१एक्स२डी.

दुसरी वाट जास्त फसवी, कारण तिच्यात वरवर तर्क आहे. चाचण्या नॉर्मल आल्या, विष गेलं, मग झेड०९ हा ‘उपचार संपल्यानंतरची फॉलो-अप तपासणी’ सांगणारा कोड का नको? कारण जखमा आणि विषबाधा यांच्यासाठी देखरेख दाखवण्याची सोय सातव्या अक्षरातच केलेली आहे. जिथे ती सोय आहे तिथे देखभालीचे झेड कोड लावू नयेत, असं त्याच तत्त्वांमध्ये लिहिलंय. चाचणीचा निकाल चांगला आला म्हणून ती भेट कशासाठी होती हे बदलत नाही. झेड०९ लावला, तर क्लेमवर एवढंच उरतं की कुणीतरी कशाच्यातरी तपासणीला आलं होतं. पॅरासिटामॉल गेलं, स्वतःहून घेतल्याची नोंदही गेली. यकृताचे आकडे त्या भेटीतही चढलेले असते, तर टी३९.१एक्स२डी आधी आणि के७१ गटातला यकृतविकाराचा कोड नंतर. विषबाधेत विष पुढे आणि त्याने केलेलं नुकसान मागे.

कोडिंग शिकवणारी मंडळी ए म्हणजे इस्पितळ आणि डी म्हणजे ओपीडी असं सोपं करून सांगतात. बहुतेक वेळा ते खपतं. ॲरिझोनातल्या रॅटलस्नेकच्या रुग्णाला ते अजिबात लागू पडत नाही. तिथे वापरलं जाणारं एक प्रतिविष मेंढ्यांच्या प्रतिपिंडांचे तुकडे करून बनवलेलं असतं. तुकडे लहान असल्याने ते शरीरातून लवकर बाहेर पडतात, आणि विषाचा साठा दंशाच्या जागी अजून शिल्लक असेल तर काही दिवसांनी रक्त गोठण्याची क्रिया पुन्हा बिघडते. म्हणून सूज उतरून घरी गेलेल्या माणसालाही काही दिवसांनी रक्तचाचणीसाठी परत बोलावतात. फायब्रिनोजेन आणि प्लेटलेट ठीक निघाले, तर टी६३.०११डी. घसरलेले निघाले आणि प्रतिविष पुन्हा चढवावं लागलं, तर दुसऱ्यांदा येऊनही टी६३.०११ए. डी लिहून झाल्यावर अक्षर मागे फिरू शकतं, हे नवख्यांना पटायला वेळ लागतो. जाता जाता, अमेरिकेच्या या यादीत आपल्या नागालाही टी६३.०४ अशी स्वतंत्र जागा आहे. तिकडच्या कुणा इस्पितळाला ती कितीदा लागत असेल ते तेच जाणोत.

एस मात्र वेगळ्या जातीचा. विषाने मागे काहीतरी कायमचं किंवा लांबणारं ठेवलं, की तो लागतो. हिवाळ्यात बंद खोलीत रॉकेलवरचा हीटर जळत राहिला, कार्बन मोनॉक्साइड साचला, माणूस ऑक्सिजन देऊन वाचला. काही महिन्यांनी तो डॉक्टरकडे येतो ते बायकोने ओढून आणलं म्हणून : गोष्टी लक्षात राहत नाहीत, हिशेब चुकतो. डॉक्टरने लिहिलं, की हे विस्मरण त्या वायूमुळे. आता क्रम उलटतो. आधी आज जे आहे ते, म्हणजे विस्मरणाचा आर४१.३, आणि मागे टी५८.२एक्स१एस. विष आता कारण म्हणून मागे सरकलं. त्याच विषाचा ए किंवा डी कोड या एस कोडसोबत साधारणपणे लावत नाहीत. आणि मुदत? अमेरिकन नियमात मुदत नाही. दहा वर्षांनीही एस चालतो, फक्त डॉक्टरने संबंध जोडलेला हवा. कोडरने तो मनाने जोडायचा नाही.

मनाने काही न जोडण्याचा हा नियम सगळ्यात जाचतो तो हेतूच्या जागी, आणि फॉलो-अपमध्ये तो पुन्हा डोकं वर काढतो. इमर्जन्सीच्या घाईत डॉक्टरने नुसतं ‘ओव्हरडोस’ लिहिलं आणि हेतूबद्दल चकार शब्द नाही, तर नियम म्हणतो : चुकून समजा, म्हणजे सहाव्या जागी १. ‘हेतू ठरवता येत नाही’ हा ४ चा आकडा लावायचा, तर डॉक्टरने तसं लिहिलेलं लागतं. मला हा नियम खटकतो. मौनाला अपघात ठरवण्यात सोय आहे, पण अशी मोजदाद प्रामाणिक नाही. त्यातल्या त्यात कोडरच्या हाती एक गोष्ट असते, डॉक्टरला क्वेरी पाठवायची. तीही अशी, की उत्तर सुचवलं जाणार नाही. ‘तिने मुद्दाम घेतल्या का?’ असं विचारणं म्हणजे साक्षीदाराच्या तोंडी शब्द घालणं. चार्टमधल्या नोंदी मांडून ‘हेतूबद्दल आपलं मत नोंदवावं’ असं विचारायचं.

बरेचदा होतं असं, की इस्पितळात ‘चुकून’ म्हणणारी व्यक्ती आठ-पंधरा दिवसांनी ओळखीच्या डॉक्टरसमोर खरं बोलते. डॉक्टरने ते त्या भेटीच्या नोंदीत लिहिलं, तर त्या भेटीचा कोड त्या नोंदीप्रमाणे, म्हणजे २ आणि डी. आधीच्या मुक्कामाच्या क्लेमवर १ राहिला तरी तो तिथल्या नोंदींवरून बरोबरच होता. मागे जाऊन गुपचूप दुरुस्ती करणं कोडरचं काम नाही. तीच मुलगी पुढे दोन महिन्यांनी फक्त नैराश्याच्या उपचारासाठी मानसोपचारतज्ज्ञांकडे गेली, विषबाधेची देखरेख त्या भेटीत नव्हतीच, तर मग टी३९ ची गरज उरत नाही. नैराश्याचा एफ गटातला कोड आणि पूर्वी स्वतःला संपवण्याचा प्रयत्न झाल्याची नोंद सांगणारा झेड९१.५१ पुरतो. हा झेड कोड ऑक्टोबर २०२१ पासून आला. त्याआधी आत्महत्येचा प्रयत्न आणि मरण्याचा हेतू नसताना स्वतःला केलेली इजा ही दोन्ही एकाच पोत्यात होती.

एवढा कीस पाडण्याचं कारण फक्त विमा कंपनीचं डिनायल नाही, जरी कोडरच्या टीम लीडरला तेवढंच दिसत असलं तरी. अमेरिकेत ओव्हरडोसच्या घटना मोजताना सरकारी आरोग्य यंत्रणा विषबाधेचे कोड घेते, आणि त्यातही सातवं अक्षर ए असलेले किंवा ते अक्षर नसलेलेच. फॉलो-अपच्या भेटी वगळाव्यात म्हणून. आपण इकडे आठवड्यानंतरच्या भेटीला ए लावला, की ओहायोतली एक मुलगी दोनदा विष घेते. उलट पहिल्याच मुक्कामाला घाईत डी लागला, तर तिने विष घेतलंच नाही असं होतं.

आता आपल्याकडे. भारतातली रुग्णालयं जिथे कोड लावतात तिथे ते जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० मधले असतात, अमेरिकेने वाढवलेल्या आवृत्तीतले नाहीत. त्यात हे सातवं अक्षरच नाही, आणि हेतूही विषाच्या कोडमध्ये बसवलेला नाही. तो बाहेरच्या कारणाच्या यादीतून वेगळा जोडायचा : कीटकनाशक स्वतःहून घेतलं तर एक्स६८, अपघाताने अंगात गेलं तर एक्स४८. २०१७ च्या खरिपात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा झालेले शेतकरी आणि मजूर या दुसऱ्या जागेवरचे. ऑर्गनोफॉस्फेट गटातल्या काही विषांचा एक गुण असा, की तीव्र लक्षणं ओसरल्यावर दोन-तीन आठवड्यांनी पाय बधिर पडू लागतात, पावलं उचलत नाहीत. म्हणजे फॉलो-अप जिथे सगळ्यात गरजेचा, तिथेच आपल्या कोडला ‘हा तोच माणूस, विषानंतर परत आलेला’ असं सांगायला अक्षर नाही. उरलेल्या परिणामांसाठी टी९७ आहे. डॉक्टरने ‘जुन्या विषबाधेचा परिणाम’ असं स्पष्ट लिहिलं, किंवा घटनेला वर्ष उलटून गेलं, की तो लागू होतो. दोन आठवड्यांनी पाय ओढत आलेला मजूर एक वर्षाच्या त्या रेषेच्या फार अलीकडे उभा असतो, आणि त्याच्या केसपेपरवर ‘परिणाम’ हा शब्द पडला नाही तर त्याचं दुखणं नुसतंच मज्जातंतूचं दुखणं म्हणून नोंदलं जातं.

पुढच्या लेखांकात सहाव्या जागेवरचे ५ आणि ६ : औषध डॉक्टरने सांगितलं तसंच घेतलं आणि तरी बाधलं, किंवा परवडेना म्हणून निम्मंच घेतलं. वॉरफेरिनवर असलेल्या एका आजोबांचा चार्ट त्यासाठी निवडला आहे.